वेस्ट विंडसरची कलेक्टरीणबाई

अमेरिकेहून परतलेल्या बाईने धबधब्याचं वर्णन करावं, सरकत्या जिन्यावर पाय ठेवताना कशी फजिती झाली ते सांगावं आणि शेवटी "काही म्हणा, आपली माणसं ती आपलीच" असं म्हणून डोळे टिपावेत, असा आमच्या सोसायटीत रिवाज आहे. धबधबा मी पाहिला. भरपूर पाणी आहे. सरकत्या जिन्यावर माझी फजिती झाली नाही. राहिली आपली माणसं. त्यांच्याबद्दलच लिहायला बसले आहे, आणि ते फार गोड होणार नाही. गोड वाचायची सवय असलेल्यांनी इथेच थांबावं.

वेस्ट विंडसर

माझा मुलगा अभिजित आणि सून ऋचा न्यू जर्सीत वेस्ट विंडसर नावाच्या ठिकाणी राहतात. दोन हजार चारच्या उन्हाळ्यात मी तिथे गेले. गाव म्हणावं असं तिथे काही नाही. घरं आहेत, आणि घरांपुढे हिरवळ आहे, जिच्यावर कुणी बसत नाही. सकाळी सगळे कर्ते लोक गाडीने प्रिन्स्टन जंक्शनला जातात, गाडी तिथे लावतात आणि आगगाडीने न्यूयॉर्कला जातात. संध्याकाळी तेच उलट. मधल्या वेळात रस्त्यावर मी आणि खारी.

"आई, इथे लोक प्रायव्हसी रिस्पेक्ट करतात," ऋचाने मला समजावलं. म्हणजे शेजारी मेला तर वास सुटल्यावर कळतं, असा मी अर्थ काढला आणि मनातच ठेवला. सुनेच्या घरी पहिल्या आठवड्यात जीभ आवरती ठेवावी.

तिसऱ्या-चौथ्या दिवशी मी माझी सुती साडी धुऊन घरामागच्या लाकडी डेकच्या कठड्यावर वाळत घातली. ऊन चांगलं होतं. ऋचाचं ड्रायर नावाचं यंत्र कपडे भाजून काढतं, त्यापेक्षा हे बरं. तासाभरात अर्धी चड्डी घातलेले एक वयस्कर गृहस्थ हसत हसत दाराशी आले. ते वसाहतीच्या असोसिएशनचे कुणीतरी होते. बाहेर कपडे दिसले की वसाहतीची शोभा जाते, असं त्यांनी मला लहान मुलाला सांगावं तसं सांगितलं. ज्या देशाने चंद्रावर माणूस उतरवला त्या देशाला माझी एक साडी झेपेना.

मी साडी काढायला गेले तर शेजारच्या डेकवर एक उंच, पिकल्या केसांची बाई पलंगपोस काढत होती. गृहस्थ आधी तिच्याकडे जाऊन आले असावेत, कारण ती स्वतःशीच एक शब्द बोलली. शब्द जर्मन होता. मी पुण्यात उभा जन्म जर्मन शिकवलं, पण हा शब्द कधी फळ्यावर लिहिला नव्हता.

"आमच्या पाठ्यपुस्तकात हा नव्हता," मी जर्मनमध्ये म्हणाले.

ती दचकली, आणि मग पलंगपोस छातीशी धरून इतकी हसली की खारी पळाल्या. तिने नाव सांगितलं, मार्लिस केटनर. ते ऐकून मी साडी काढायची विसरले.

हे नाव मला माहीत होतं. आमच्या तरुणपणी पुण्यात जर्मनच्या वर्गाला अधूनमधून सिनेमे दाखवत. पडदा म्हणजे चुना मारलेली भिंत, आणि रीळ दर वेळी तुटायचंच. त्यातल्या एका सिनेमात बेकरीवाल्याची मुलगी शहरात पळून जायला निघते, बसची वाट बघते, आणि बस आल्यावर चढत नाही. एवढीच गोष्ट. पण ती न चढलेली मुलगी आम्हा सगळ्याजणींच्या मनात घर करून बसली. पुढे महिनाभर वर्गातल्या निम्म्या मुली तिच्यासारखी सैल वेणी घालून यायच्या. मीही.

"तो सिनेमा पुण्याला पोचला?" मार्लिसबाई म्हणाल्या. "अमेरिकेला नाही पोचला."

स्वयंपाकघर

त्यानंतर त्या रोज दुपारी येऊ लागल्या. मी टेबलाशी ताटात तांदूळ घेऊन निवडत बसायची, त्या समोर बसून बघायच्या. त्यांनी एकदा विचारलं, "पिशवीतला तांदूळ इतका स्वच्छ असतो, त्यात तुम्ही काय शोधता?"

"खडे."

"सापडतात?"

"अमेरिकेत एकही नाही. पण हाताला सवय आहे, हात शोधतो."

त्यांनी ते लक्षपूर्वक ऐकलं. मला वाटलं, बाईला वेळ जात नाही म्हणून बघते. नट माणूस नुसतं कधीच बघत नाही, हे मला तेव्हा माहीत नव्हतं.

त्यांची कहाणी मी तुकड्यातुकड्यांनी ऐकली. त्या सिनेमानंतर त्यांनी जर्मन टीव्हीवर बरीच वर्षं एका मालिकेत खेड्यातल्या सुईणीचं काम केलं. बाजारात गेल्या की अनोळखी बायका आपली बाळं त्यांच्या हातात देत. मग एका अमेरिकन कॅमेरामनशी लग्न झालं आणि त्या कॅलिफोर्नियाला गेल्या. पहिलं काम काय केलं, तर शिक्षक लावून आपल्या इंग्रजीतला जर्मन हेल घालवला. घासून घासून घालवला. आणि पहिल्याच ऑडिशनला समोरचा पोरगा म्हणाला, "छान, पण जरा जर्मन वाटू दे ना."

तेव्हापासून त्यांनी काय काय केलं ते त्यांनी बोटांवर मोजून दाखवलं. छळछावणीच्या कमांडरची बायको. गुप्तहेर. माणसं गोठवणारी शास्त्रज्ञ. मालकाला विष घालणारी घरकामवाली. पुन्हा कमांडरची बायको. पुढे कॅमेरामन दुसऱ्या कुणाबरोबर गेला आणि बाई नाटकाच्या ओढीने न्यूयॉर्कच्या बाजूला आल्या. नाटकवाल्यांनी त्यांना नाझी अधिकाऱ्याच्या विधवेचं काम दिलं.

"प्रगती आहे," त्या म्हणाल्या. "नवरा तरी मेला."

मी हसले, पण त्या हसल्या नाहीत. ताटातले चार दाणे बोटाने इकडेतिकडे करत म्हणाल्या, "मला मरायच्या आधी एकदा अशी बाई करायची आहे जी काही करत नाही. स्वयंपाकघरात बसते, काहीतरी निवडते, आणि तिला मुलाची काळजी लागलेली असते. बस. या देशात आल्यापासून मला अशी एक बाई मिळालेली नाही."

मला वाईट वाटलं, आणि त्याहून जास्त राग आला. एवढा मोठा देश, एवढा मोठा धंदा, आणि अक्कल काय, तर जर्मन दिसली की तिला नाझींचे बूट घाला. उंटावरून शेळ्या हाकणारे लेकाचे.

न्यूयॉर्क

एके दिवशी त्या मला ऑडिशनला सोबत घेऊन गेल्या. एका नव्या टीव्ही मालिकेत छळछावणीच्या पहारेकऱ्याच्या बायकोचं बऱ्याच भागांचं काम होतं. मला न्यूयॉर्क बघायचं होतं. जे बघितलं ते एका जुन्या इमारतीतली खोली. भिंतीला लागून खुर्च्या आणि खुर्च्यांवर बायका, सगळ्या साठीच्या आसपासच्या, ताठ पाठीच्या, भुऱ्या केसांच्या. प्रत्येकजण ओठ घट्ट मिटून क्रूर दिसायची तयारी करत होती. आमच्याकडे वधूपरीक्षेला एकाच घरी एकाच वेळी पंधरा मुली बोलावल्या असत्या तर असंच दिसलं असतं.

दार पातळ होतं. मार्लिसबाई आत गेल्या आणि मला त्यांचा आवाज ऐकू आला, शांत, साधा. मग एका तरुणाचा आवाज, "ग्रेट, ग्रेट. आता थोडी थंड. अजून थोडी." पुन्हा बाई. पुन्हा तो, "ॲक्सेंट जरा जास्त." त्या बाहेर आल्या तेव्हा त्यांचा चेहरा खरंच थंड पडला होता.

आम्ही एका बाकावर बसून बेगल खाल्ला. मेदूवड्याचं सोंग घेतलेला पाव आहे तो, चावताना दाढा दुखतात. पहिला माझ्या हातातून निसटला आणि कबुतरांनी नेला, त्यांना तो जड गेला नाही. खाताखाता मार्लिसबाई म्हणाल्या की आता आपण एकमेकींना 'तू' म्हणू या. जर्मन माणूस हे असं रीतसर विचारतो, आणि ते हसण्यावारी न्यायचं नसतं. मी हो म्हटलं. आमच्या पेठेत मी शेजारणीला वीस वर्षं 'अहो' म्हणते आहे, ते निराळं.

"काम मिळेल तुला," मी म्हणाले.

"मिळेल. त्याचीच भीती आहे. हो म्हटलं तर मी मरेपर्यंत तीच बाई."

"मग नाही म्हण. आमच्याकडे असं नसतं. आमच्यात कलेची कदर आहे."

हे वाक्य मी पुण्याच्या ठसक्यात म्हणाले. ते लवकरच माझ्या घशाशी यायचं होतं.

मंडळ

तिथल्या मराठी मंडळाचा गणपती शनिवार-रविवार बघून बसतो, कारण बाप्पालाही रजा मिळत नाही. त्यात दर वर्षी एक क्रांतिकारक एकांकिका असते. ती राजीव धोटे लिहितो. मूळचा नागपूरचा, सॉफ्टवेअरमध्ये आहे, स्वभावाने दिलदार. तोच लिहितो, तोच बसवतो, नायकही तोच होतो आणि टाळ्यांना सुरुवात त्याची बायको करून देते. या वर्षीच्या नाटकात क्रांतिकारक मुलाला आई कपाटामागे लपवते आणि इंग्रज कलेक्टरची मेमसाहेब घरी येऊन तिला धमकावते. आईचं काम आमच्या ऋचाकडे होतं. ती ऑफिस, घर आणि माझ्या पाच वर्षांच्या नातीचा, ईराचा, स्विमिंगचा क्लास सांभाळून पाठ करत होती, आणि तिला ते नकोसं झालं होतं.

आई म्हणजे स्वयंपाकघरात बसून तांदूळ निवडणारी बाई, मुलाची काळजी लागलेली. मला वाटलं, देवच पावला. मी धोटेला घरी बोलावलं, मार्लिसची ओळख करून दिली, तिचं सगळं सांगितलं.

धोटेचा चेहरा उजळला. "काकू, ओरिजिनल गोरी? काय यार, आधी सांगायचं ना. कलेक्टरीण फिक्स. मागच्या वर्षी कुलकर्णीला पावडर लावून लावून आमचे हात दुखले."

"अरे, कलेक्टरीण नाही. ती आई करील. संवाद थोडे आहेत, मी बसवून घेते. ऋचाही सुटेल."

"आई?" तो माझ्याकडे बघत राहिला. "काकू, गोरी बाई नऊवारीत? पब्लिक हसेल ना."

"आणि ती इंग्रज नाही, जर्मन आहे. इंग्रजांशी तर त्यांच्याच लढाया झाल्या."

"पब्लिकला काय कळते काकू. गोरी ते गोरी."

मार्लिस आमच्या तोंडाकडे बघत होती. तिने विचारलं, "काय म्हणतो?" मी खोटं सांगू शकले असते. पण कदर वगैरे मीच बोलले होते, तेव्हा मान खाली घालून सगळं भाषांतर केलं. मला इतकी लाज उभ्या आयुष्यात वाटली नव्हती.

ती बराच वेळ हसली. मग म्हणाली, "तुमच्या या माणसाला न्यूयॉर्कमध्ये चांगली नोकरी लागेल." आणि तिने कलेक्टरीण करायला हो म्हटलं. काम ते काम, म्हणाली.

तालमी आमच्या तळघरात झाल्या. तिचं मुख्य वाक्य होतं, "तुम्ही खोटं बोलताय, बाई." मी ते तिला एका दुपारी शिकवलं. तिचा कान असा की आमच्या पेठेतली बाई बोलते आहे असं वाटावं. धोटेने ते ऐकलं आणि कपाळाला हात लावला.

"काकू, इतकं शुद्ध नका शिकवू. टुमी कोटं बोलटाय बाय. असं पाहिजे. तिथे लाफ्टर येते आपल्याला."

मी हेही भाषांतर केलं. मार्लिस म्हणाली, "म्हणजे इथेही ॲक्सेंट जरा जास्त." आणि तिने तेही बिनचूक शिकून घेतलं.

मग लाथेचा प्रसंग. मेमसाहेब रागाने आईच्या हातातल्या सुपाला लाथ मारते आणि तांदूळ सगळीकडे उडतात. सूप धोटेने पार्सलच्या खोक्याचा पुठ्ठा कापून केलं होतं. तांदूळ मात्र खरे. पहिल्याच तालमीत लाथ बसली, दाणे उडाले, आणि ऋचाने पटकन जमिनीवरच्या दाण्यांना हात लावून कपाळाला टेकवला.

"वहिनी, कॅरेक्टर सोडू नका ना," धोटे ओरडला.

"अहो, अन्नाला पाय लागला. हात आपोआप जातो."

पुढच्या तालमीतही गेला. त्याच्या पुढच्याही. जी ऋचा मला साडी ड्रायरमध्ये टाकायला सांगते, तिचा हात. मार्लिसने मला बाजूला घेऊन विचारलं, ती काय करते? मी सांगितलं. तिने मान हलवली. त्याच आठवड्यात न्यूयॉर्कहून निरोप आला होता. पहारेकऱ्याच्या बायकोचं काम तिला मिळालं होतं आणि ती उत्तर द्यायचं लांबवत होती.

शाळेचा हॉल

नाटक एका शाळेच्या हॉलमध्ये होतं. कार्यक्रम अर्थातच उशिरा सुरू झाला. या लोकांची आगगाडी अर्ध्या मिनिटाने चुकली तर ते हळहळतात, पण मराठी कार्यक्रमाला वेळेवर येणं त्यांना परकेपणाचं वाटतं. आधी अथर्वशीर्ष, मग लहान मुलांचे नाच, ज्यात निम्मी मुलं आईला शोधत होती. मागून मसालेभाताचा वास येत होता आणि लोक माना वळवून रांगेचा अंदाज घेत होते.

मार्लिस पिसाची टोपी आणि लांब झगा घालून आली आणि तिने तोंड उघडायच्या आतच हॉलने हुर्यो केली. "टुमचा मुलगा कुटे हाय?" लाफ्टर आलं. धोटे कपाटामागे खूष असणार. ऋचा सूप घेऊन खाली बसली होती. मार्लिसने लाथ मारली, जोरात, ठरली होती तशी. तांदूळ पहिल्या रांगेपर्यंत उडाले. पुन्हा हुर्यो. आणि ऋचाने, सवयीने, दाण्यांना हात लावून कपाळाला टेकवला.

मार्लिस थांबली. तालमीत ती इथे कधी थांबली नव्हती. तिने ऋचाच्या हाताकडे पाहिलं, मग आपल्या बुटाकडे. आणि त्या झग्यानिशी, टोपीनिशी ती जमिनीवर मांडी घालून बसली. मोडकं सूप ओढून घेतलं आणि दाणे गोळा करू लागली. नुसते गोळा नाही. अंगठ्याने सारत होती, करंगळीने बाजूला करत होती, मधेच एखादा दाणा नखाने उडवत होती आणि तळहात झटकत होती. मी खुर्चीत पुढे सरकले. ते माझे हात होते. रंगमंचावर, मेमसाहेबांच्या मनगटांना लावलेले माझे हात.

मसालेभाताकडे वळलेल्या माना समोर आल्या. तिने कपाटाकडे एकदा पाहिलं, मग ऋचाकडे, आणि हळू आवाजात, शुद्ध, जसं मी शिकवलं होतं तसं म्हणाली, "तुम्ही खोटं बोलताय, बाई."

शब्द तेच होते, पण आता त्यांचा अर्थ निराळा झाला. तुझा मुलगा तिथे आहे हे मला कळलंय, आणि मी सांगणार नाही, असं ती म्हणत होती. नंतर तिने "शिपाई!" म्हणून हाक मारायची होती, म्हणजे धोटे उडी मारून बाहेर येणार. तिने हाक मारली नाही. सूप ऋचाच्या मांडीवर ठेवलं, उठली, झगा झटकला आणि निघून गेली. धोटे कपाटामागे तसाच. ऋचाच्या डोळ्यांतून खरंखुरं पाणी येत होतं. माझ्या मागे कुणीतरी नाक शिंकरलं. बऱ्याच वेळाने कपाटामागून एकट्याचा "वंदे मातरम्" ऐकू आला आणि पडदा पडला. टाळ्या आल्या त्या चुकतमाकत, कुणी आधी सुरू करायच्या ते न कळल्यासारख्या.

धोटे मला जेवणाच्या रांगेत भेटला. "पूर्ण ड्रामा मारला काकू," तो खरोखर दुखावला होता. "कलेक्टरीणच चांगली निघाली तर आम्ही फाइट कोणाशी करायची?"

आभार मानताना अध्यक्षांनी धोटेला शाल आणि नारळ दिला, आणि "आपल्या ब्रिटिश पाहुण्या मॅडम" यांना लाडवांचा एक डबा. मार्लिसने मला विचारलं, "धोटे काय म्हणाला?" मी सांगितलं.

"न्यूयॉर्कवालेही हेच म्हणतात," ती म्हणाली. मग लाडू खात विचारलं, "तू काय म्हणतेस? ती बाई दिसली का?"

"दिसली," मी म्हणाले.

दुसऱ्या दिवशी तिने न्यूयॉर्कला होकार कळवला. मी चिडले. इतकं करून पुन्हा तेच बूट? ती म्हणाली, "मला द्यायला त्यांच्याकडे दुसरी बाई नाही. त्यांच्या त्या बाईत माझ्या बाईला जागा मिळते का बघते." मला ते तेव्हा पटलं नाही, आणि थंडी पडायच्या आत मी परत आले.

पुणे

सोसायटीत सगळ्यांनी धबधब्याबद्दल विचारलं. मार्लिसबद्दल सांगितलं तर बायका म्हणाल्या, "अय्या, खरी नटी? फोटो काढलात का?" काढला नाही.

पुढच्या वर्षी एका सकाळी ऋचाचा फोन आला. तिच्याकडे रात्र होती, मार्लिसच्या त्या मालिकेचा भाग नुकताच संपला होता. एरवी ती फोनवर घाईत असते. त्या दिवशी शब्द सापडत नसल्यासारखी बोलत होती.

"आई, मार्लिस दिसली. एका प्रसंगात शिपाई घरी येतात, त्याच्या आधी ती टेबलाशी बसून मसूर निवडत असते. डायलॉग नाही, काही नाही. ईरा म्हणाली, 'दॅट्स आजीज हँड्स.' खरंच तुमचे हात होते, आई."

"मग पुढे काय करते ती?"

"पुढे काय, बूट घालते."

"म्हणजे तेवढंच?"

"तेवढंच. थोडासा वेळ. पण आई, तिने मधेच एक खडा काढून टाकला. नखाने उडवला आणि तळहात झटकला. इथल्या मसुरात खडा कुठून येणार?"